तालुका विधी सेवा समितीचा मोफत वकील: एकाच जमिनीच्या दोन दाव्यांत आलेला माझा अनुभव

थोरल्या दिरांनी माझ्यावर आणि माझ्या मुलांवर घातलेला दुसरा दावा कोर्टाने गेल्या महिन्यात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या दहा कलमाखाली थांबवला. ज्या वकील मॅडमनी हे काम केलं त्या मला तालुका विधी सेवा समितीने दिल्या होत्या. त्यांची फी मला एक रुपयाही पडली नाही. अर्ज करायच्या आधी मला चार जणांनी सांगितलं होतं की फुकटचा वकील नावापुरता उभा राहतो, फाईलसुद्धा उघडत नाही. त्या चौघांत माझा सख्खा भाऊ होता. त्याचं ऐकलं असतं तर आजही मी महिन्याला दोन कोर्टांत दोन तारखा करत बसले असते. म्हणून या सेवेबद्दल सविस्तर लिहिते आहे. प्रकरण अजून चालू आहे, त्यामुळे गावाचं, तालुक्याचं आणि कुणाचंही नाव लिहीत नाही.

मी अंगणवाडी सेविका आहे. सासरे गेले २००९ साली, मालक गेले २०१६ साली. जमीन चार गटांत आहे आणि गावात एक राहतं घर. सातबाऱ्यावर सगळ्यांची नावं एकत्र. मालक गेल्यावर दोन वर्षं मी दिरांना हात जोडून सांगत होते की भाऊजी, आमचा हिस्सा मोजून द्या, मुलं मोठी होतायत. शेवटी जून २०१८ मध्ये मी आणि दोन्ही मुलांनी दिवाणी न्यायाधीश वरिष्ठ स्तर यांच्या कोर्टात वाटपाचा दावा घातला. दिरांनी कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, दिलं की वाटणी २००७ सालीच तोंडी झाली आहे, ओढ्याकाठचा गट त्यांच्या एकट्याच्या वाट्याला आला आहे, आणि मालकांनी त्या गटावरचा हक्क नोटरीच्या कागदावर सोडून दिला आहे. कोर्टाने मुद्दे काढले. तिसरा मुद्दा असा होता की पूर्वी वाटप झालं हे प्रतिवादी सिद्ध करतात का. दावा पुराव्यावर आला.

आणि ऑक्टोबर २०२२ मध्ये बेलिफ पुन्हा दारात. मी अंगणवाडीत मुलांना खिचडी वाढत होते, शेजारची पोरगी धावत बोलवायला आली. मला वाटलं आमच्याच दाव्यातलं काहीतरी असेल. सही करून कागद हातात घेतला तर वर वेगळा नंबर, वेगळं कोर्ट. कनिष्ठ स्तर. वादी म्हणून दीर आणि त्यांचा मुलगा. दिरांनी ओढ्याकाठचा गट २०२१ साली, म्हणजे आमचा दावा चालू असताना, मुलाच्या नावे बक्षीसपत्र करून दिला होता. आता दोघं मिळून मागत होते की आम्हीच मालक असं जाहीर करा आणि या बाईने व तिच्या मुलांनी गटात पाऊल टाकू नये अशी कायमची मनाई द्या. सोबत निशाणी ५ चा तूर्तातूर्त मनाईचा अर्ज. कारण काय दिलं, तर २००७ ची तोंडी वाटणी आणि तोच नोटरीचा कागद. जे कैफियतीत लिहिलं होतं तेच उचलून नवीन दाव्यात मांडलं होतं.

माझा तेव्हाचा खासगी वकील या दुसऱ्या दाव्यातही उभा राहिला. त्याने कैफियत दिली आणि नंतर चौदा महिने फक्त तारखा झाल्या. प्रत्येक तारखेला प्रत्येक दाव्याचे पाचशे वेगळे. मी दोनदा विचारलं की साहेब, दोन्हीकडे गोष्ट तीच आहे ना, मग दोन्हीकडे साक्षीपुरावा करायचा का? त्यांचं उत्तर एकच, चालू द्या, बघू. मी कायदा शिकलेली नाही, पण एका कोर्टाने म्हटलं वाटणी झाली आणि दुसऱ्याने म्हटलं झालीच नाही, तर तलाठ्याने नाव कुणाचं लावायचं, एवढं मला कळत होतं. रात्री झोप लागत नसे. मुलीच्या कॉलेजची फी भरायची की तारखेचे पैसे, असा प्रश्न दर महिन्याला.

विधी सेवा समितीचं मला कळलं ते ९ नोव्हेंबरला. हा दिवस विधी सेवा दिन म्हणून पाळतात, कारण विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ चा असला तरी लागू झाला ९ नोव्हेंबर १९९५ ला. ग्रामपंचायतीत शिबिर होतं आणि बायका गोळा करायचं काम माझ्याकडे. त्यात एक वकील बोलले की या कायद्याच्या बाराव्या कलमात स्त्रिया आणि बालकं यांना उत्पन्न कितीही असलं तरी मोफत वकील मिळतो. अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना, अपंगांना, कोठडीत असलेल्यांना, औद्योगिक कामगारांनाही मिळतो. बाकीच्यांना उत्पन्नाची मर्यादा आहे, या गटांना नाही. मी उभी राहून विचारलं, जमिनीच्या दाव्यालासुद्धा? ते म्हणाले, ताई, दिवाणी काय आणि फौजदारी काय, बाई असणं पुरेसं आहे. १५१०० हा मदतीचा नंबर त्यांनी फळ्यावर लिहिला. मी तो पोषण आहाराच्या रजिस्टरच्या मागच्या पानावर उतरवून घेतला.

ऑफिस कोर्टाच्याच इमारतीत, तळमजल्यावर एका छोट्या खोलीत आहे. समितीचे अध्यक्ष तालुक्यातले सर्वांत ज्येष्ठ न्यायाधीशच असतात, हे मला तिथेच कळलं. एक छापील फॉर्म भरायचा, सोबत ओळखपत्र आणि दाव्याचे कागद. पहिल्या दिवशी खिडकीवरच्या माणसाने उत्पन्नाचा दाखला मागितला. मी परत फिरणार होते, तेवढ्यात तिथे बसलेल्या पॅरा लीगल व्हॉलंटिअर (समितीच्या स्वयंसेविका) ताईंनी सांगितलं की बाईला दाखला लागत नाही. अर्ज घेतला गेला. माझ्याबरोबर मुलगी स्त्री म्हणून आणि मुलगा अठराच्या आतला म्हणून, तिघंही त्यात बसलो. दोन्ही दाव्यांसाठी एकच अर्ज चालला.

वकील नेमल्याचं पत्र यायला सतरा दिवस लागले. मधे एक तारीख गेली, ती जुन्या वकिलानेच केली. त्याच्याकडून ना हरकत आणायला मला तीन हेलपाटे पडले. इथे मला समितीने थोडी मदत करायला हवी होती असं वाटतं. जुना वकील सोडताना बाई माणूस एकटी पडते, फाईल अडून राहते, पैसे बाकी आहेत म्हणून ऐकून घ्यावं लागतं. तेवढा एक फोन ऑफिसातून गेला असता तर काम एका दिवसात झालं असतं.

आता मॅडमबद्दल. वयाने माझ्यापेक्षा लहान, बार रूममध्ये त्यांचं टेबल कोपऱ्यात. मी फाईल दिली तशी त्यांनी दोन्ही दावे शेजारी शेजारी ठेवले आणि पहिलं वाचायला घेतलं ते शेवटचं पान, मिळकतीच्या वर्णनाचं. पूर्वेस ओढा, दक्षिणेस अमुक गट, पश्चिमेस सरकारी पांदण, उत्तरेस तमुक यांची जमीन. आमच्या दाव्यात टाईप करताना ‘पांदण’चं ‘पादंण’ झालं होतं, अनुस्वार पुढच्या अक्षरावर गेलेला. दिरांच्या दाव्यातही ‘पादंण’च. मॅडमनी दोन्हीकडे पेन्सिलने गोल केला आणि म्हणाल्या, ‘ताई, आपल्याच दाव्यावरून वर्णन उतरवून घेतलंय. ह्यांना तुमचा दावा माहीत नव्हता असं म्हणायला आता जागा नाही.’ चौदा महिन्यांत जुन्या वकिलाच्या नजरेला हे पडलं नव्हतं. पडलं असेल तर मला सांगितलं नाही.

मग त्यांनी फुलस्केप कागद मधोमध दुमडला आणि दोन रकाने केले. डावीकडे २०१८ चा दावा, उजवीकडे २०२२ चा. पक्षकार कोण, मिळकत कोणती, हक्क कशावरून सांगतात, मागणं काय, आणि सगळ्यांत खाली मोठ्या अक्षरांत ‘वादाचा मुद्दा’. त्या ओळीत दोन्ही रकान्यांत एकच वाक्य आलं: २००७ ची वाटणी आणि हक्कसोड खरा की खोटा. तो कागद त्यांनी मला झेरॉक्स काढून दिला. घरी मुलीला दाखवला तर ती म्हणाली, आई, एवढं सोपं होतं हे?

दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ ची आहे आणि तिचं दहावं कलम याच कामासाठी आहे. मॅडमनी मला ते मराठीतून वाचून दाखवलं, आणि मला समजलं तसं सांगते. आधी घातलेल्या दाव्यात जो मुद्दा सरळ आणि मुख्यतः वादात आहे, तोच नंतरच्या दाव्यात असेल, पक्षकार तेच असतील किंवा त्यांच्यामार्फत हक्क सांगणारे असतील, त्याच हक्काच्या नात्याने भांडत असतील, आणि पहिल्या कोर्टाला दुसऱ्या दाव्यातलं मागणं देण्याचा अधिकार असेल, तर नंतरच्या दाव्याची सुनावणी कोर्टाने चालवायची नाही. पहिला दावा त्याच कोर्टात असो की भारतातल्या दुसऱ्या कुठल्या कोर्टात. आधीचा कोणता आणि नंतरचा कोणता हे दावा दाखल झाल्याच्या तारखेवरून ठरतं. म्हणून अर्ज नेहमी नंतरच्या दाव्यात द्यायचा, पहिल्यात नाही. मला आधी वाटत होतं की आपल्या वरच्या कोर्टात जाऊन सांगायचं की खालचा थांबवा. तसं नसतं.

माझी मोठी भीती पुतण्याची होती. तो पहिल्या दाव्यात नाहीच, मग पक्षकार सारखे कसे? मॅडम म्हणाल्या की त्याच्याकडे गट आला कुठून, बापाच्या बक्षीसपत्रातून. बापाचा हक्क खरा ठरला तरच त्याचा. कलमात ‘ज्यांच्यामार्फत हक्क सांगतात’ हे शब्द अशाच माणसांसाठी आहेत. नाहीतर प्रत्येक जण मुलाच्या, मेव्हण्याच्या नावावर जमीन करेल आणि नवा दावा घालेल.

दुसरा रस्ताही त्यांनी समजावून सांगितला. कलम २४ खाली जिल्हा न्यायालयात अर्ज करून दुसरा दावा वरिष्ठ स्तराकडे वर्ग करून घ्यायचा आणि दोन्ही एकत्र चालवायचे. दुसऱ्या दाव्यात काही मुद्दे खरोखर नवे असते तर तेच बरं, कारण दहा कलमाचा अर्ज तिथे टिकत नाही. पण आमच्या पहिल्या दाव्यात माझी सरतपास, म्हणजे आमच्या बाजूने माझी साक्ष, झाली होती. दोन्ही एकत्र केले असते तर नव्या पक्षकाराच्या नावाने सगळं लांबलं असतं. निर्णय त्यांनी माझ्यावर सोडला. आधीच्या वकिलाने मला कधी असं विचारलं नव्हतं.

अर्ज जानेवारी २०२४ मध्ये दिला. सोबत पहिल्या दाव्याची, दिरांच्या कैफियतीची, काढलेल्या मुद्द्यांची आणि रोजनाम्याची (तारखेला काय झालं त्याच्या कोर्टाच्या नोंदीची) नक्कल. नकलांचा खर्चही विधी सेवेतून झाला, मला फक्त नक्कल विभागात अर्ज द्यायला जावं लागलं. दावा अजून चालू आहे हे दाखवायला मुलाने ई-कोर्ट्स सर्व्हिसेसच्या ॲपवर सोळा अंकी-अक्षरी सीएनआर नंबर (प्रत्येक दाव्याचा स्वतंत्र ओळख नंबर) टाकून पुढच्या तारखेचं पान काढून दिलं. ज्यांच्याकडे अजून ते ॲप नाही त्यांनी घ्यावं. पक्षकाराच्या नावावरूनही शोधता येतं, म्हणजे आपल्या नावावर दुसरीकडे कुणी दावा घातलाय का तेही बघता येतं. मी आता महिन्यातून एकदा बघते.

इथे एक गोष्ट जुन्या अनुभवामुळे मी चुकवणार होते. अर्ज दिला म्हणजे दावा थांबला असं मी धरलं होतं आणि पुढच्या तारखेला सुपरवायझर बाईंची मीटिंग होती म्हणून जाणार नव्हते. मॅडमनी फोन करून बजावलं. सर्वोच्च न्यायालयाने २००४ साली पुखराज जैन यांच्या प्रकरणात सांगितलं आहे की दहा कलमाचा नुसता अर्ज केल्याने कोर्टाचे हात बांधले जात नाहीत, आणि कलमाविरुद्ध जाऊन हुकूमनामा झाला तरी तो आपोआप रद्दबातल होत नाही. म्हणजे हुकूम होईपर्यंत प्रत्येक तारखेला हजर राहायचं, नाहीतर एकतर्फी व्हायची पाळी. मीटिंग सोडून गेले.

समोरच्या वकिलांनी म्हणणं दिलं ते चांगलं जोरदार होतं. मागणी वेगळी आहे, एकीकडे वाटप आणि एकीकडे मनाई. मिळकत वेगळी आहे, तिकडे चार गट आणि घर, इकडे एकच गट. वादी एक जास्त आहे. आणि त्यांनी अस्पी जल यांच्या प्रकरणातला सर्वोच्च न्यायालयाचा २०१३ चा निकाल दाखवला. तो मुंबईतल्या भाडेकरूचा. मालकाने वेगवेगळ्या काळात जागा वापरात नव्हती म्हणून वेगवेगळे दावे घातले होते. काळ वेगळा म्हणून मुद्दाही वेगळा, म्हणून नंतरचा दावा थांबवता येणार नाही, असं न्यायालयाने ठरवलं. मला बाकावर बसून घाम फुटला. वाटलं गेलं हे.

मॅडम उभ्या राहिल्या आणि त्यांनी तोच निकाल हातात घेतला. म्हणाल्या, यातच कसोटी दिली आहे, आणि त्याआधी २००५ साली निम्हान्स संस्थेच्या प्रकरणातही हीच दिली आहे: पहिल्या दाव्याचा निकाल लागला तर तो दुसऱ्या दाव्याला कलम ११ प्रमाणे बांधील ठरेल का? म्हणजे एकदा ठरलेली गोष्ट पुन्हा ठरवता येणार नाही असं होईल का? भाडेकरूच्या प्रकरणात तसं होत नव्हतं, कारण एका काळाचा निकाल दुसऱ्या काळाला लागू पडत नाही. इथे वाटणी २००७ ची, एकच. ती झाली असं वरिष्ठ स्तर कोर्टाने ठरवलं तर या दाव्यात काही उरत नाही. झाली नाही असं ठरवलं तरी काही उरत नाही. चार गटांतला एक गट म्हणजे त्या दाव्याच्या पोटातच हा अख्खा दावा आहे. मनाई द्यायचा अधिकार वरिष्ठ स्तराला आहेच. मग त्यांनी दोन रकान्यांचा तो कागद, आता टाईप केलेला, न्यायाधीशांपुढे ठेवला. साहेबांनी तो बराच वेळ पाहिला आणि समोरच्या वकिलांना एकच विचारलं, ‘तुमच्या कैफियतीतलं आणि या दाव्यातलं वाटणीचं कथन वेगळं आहे का?’ ते म्हणाले, तपशील वेगळा आहे. साहेबांनी विचारलं, कोणता? त्यावर काही उत्तर आलं नाही.

दिरांच्या बाजूने आणखी एक म्हणणं होतं की माझा पहिला दावाच त्रास देण्यासाठी घातलेला आहे, म्हणून त्याच्याखातर त्यांचा दावा अडवू नये. मनोहरलाल चोप्रा विरुद्ध सेठ हिरालाल या १९६२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने दहावं कलम बंधनकारक मानलं आहे, पहिला दावा त्रासदायक आहे असं म्हणून त्यातून सुटका नाही. तो भाग दोन मिनिटांत संपला.

हुकूम आणखी काही तारखांनंतर झाला. २०१८ च्या दाव्याचा निकाल लागेपर्यंत २०२२ च्या दाव्याची सुनावणी तहकूब. अशा हुकमावर अपील नाही, हायकोर्टात घटनेच्या २२७ कलमाखाली जाता येतं, असं मॅडमनी सांगून ठेवलंय. अजून तरी दीर गेलेले नाहीत.

आता हे नीट समजून घ्या, कारण गावात आल्यावर सगळे मला पेढे मागायला लागले. मी कुणालाही पेढे दिले नाहीत. दावा निकालात निघालेला नाही, तो थांबला आहे. दहा कलम सुनावणी थांबवतं, दावा दाखल करायला बंदी करत नाही, आणि तूर्तातूर्त मनाईसारखे मधले हुकूम करायचा कोर्टाचा अधिकारही काढून घेत नाही. म्हणजे निशाणी ५ चा धोका स्थगितीनंतरही डोक्यावर होता. मॅडमनी हे आधीच ओळखून त्याला वेगळं म्हणणं दिलं होतं, सातबारा, पीकपाहणी आणि माझ्या नावच्या सोसायटीच्या पीककर्जाचे उतारे जोडून. तो अर्ज नामंजूर झाला. नुसतं दहा कलम घेऊन शांत बसलो असतो तर ओढ्याकाठच्या गटात पाय ठेवायची बंदी होऊन बसली असती आणि ती उठवायला पुन्हा वर्ष गेलं असतं. ज्यांच्यावर असा दुसरा दावा आलाय त्यांनी आपल्या वकिलाला हे दोन्ही प्रश्न वेगवेगळे विचारावेत.

सेवेतल्या उणिवाही लिहायला हव्यात. पॅनलवरच्या, म्हणजे समितीच्या यादीतल्या, वकिलांकडे कामं फार असतात. मॅडमना दिवसा फोन लागत नाही, संध्याकाळी साडेसातनंतरच बोलता येतं. अर्जाच्या पहिल्या मसुद्यात एक गट नंबर चुकला होता, मी वाचला म्हणून सापडला. हे मी सगळ्या बायांना सांगते: सही करायच्या आधी गट नंबर आणि नावं स्वतः वाचा, वकील कितीही चांगला असला तरी. मसुदा घरी न्यायला त्यांनी खळखळ केली नाही हे मात्र खरं. खिडकीवरच्या माणसाला स्त्रियांना दाखला लागत नाही हे माहीत नसणं ही मला सगळ्यांत मोठी उणीव वाटते. माझ्या जागी दुसरी कुणी असती तर तहसीलच्या दाखल्याच्या मागे लागली असती नाहीतर परत आलीच नसती. भिंतीवर त्याची मोठी पाटी लावा, असा अर्ज मी तिथल्या तक्रार-सूचना वहीत लिहून आले आहे. पाटी अजून लागलेली नाही.

पैशांचं कुणी विचारलं तर: पॅनल वकिलाने पक्षकाराकडून फी मागायची किंवा घ्यायची नाही असा नियमच आहे. मी एकदा घरचे तांदूळ घेऊन गेले होते, मॅडमनी तेही घेतले नाहीत. म्हणाल्या, ताई, घेतले तर मला पॅनलवरून काढतील. दोन वर्षांत खासगी वकिलाला तारखांचे मिळून जे गेले त्यात मुलीच्या एका वर्षाची फी निघाली असती. कोर्ट फी आणि समन्स-नोटिशीचा खर्चही समिती उचलते. आपल्याला एसटीचं तिकीट आणि दिवसाची रजा एवढंच.

मी या सेवेला पाचपैकी साडेचार गुण देते. अर्धा गुण कापला तो सतरा दिवसांसाठी आणि त्या खिडकीसाठी. वकिलाच्या कामासाठी कापलेला नाही.

दोन दाव्यांत अडकलेल्या बाईने ऑफिसात जाताना काय न्यावं, ते मला अनुभवाने कळलंय: दोन्ही दाव्यांची आणि दोन्हीकडच्या कैफियतींची झेरॉक्स, दाखल तारीख दिसेल अशी पहिली पानं, मुद्दे निघाले असतील तर त्यांची नक्कल, चालू सातबारा, आणि आधारकार्ड. जुना वकील असेल तर त्याच्याशी आधीच बोलून ठेवावं. आणि दुसऱ्या दाव्याचं समन्स आलं की लगेच जावं. मी चौदा महिने उशिरा गेले. तोवर दुसऱ्या दाव्यात मुद्दे निघायच्या बेतात होते, आणखी थोडा उशीर झाला असता तर तिकडेही माझी उलटतपास सुरू झाली असती.

पहिल्या दाव्यात येत्या अठरा तारखेला दिरांची उलटतपास आहे. मॅडमनी मला हक्कसोडाच्या कागदाची नक्कल आणि मालकांच्या सहीचे जुने कागद, पतसंस्थेचं पासबुक आणि शाळेच्या पालकसभेचं रजिस्टर, घेऊन साडेदहाला बोलावलं आहे. रजिस्टरसाठी मी परवाच मुख्याध्यापकांकडे लेखी अर्ज देऊन आले.